आत्यानं खरवडलेला धूमकेतू

धूमकेतू दिसायला लागला आणि गल्लीतल्या माणसांना घरात बसवेना. दिवेलागण झाली की जो तो हातातलं काम टाकून गच्चीवर. चुलीवरचं करपलं तरी बेहत्तर, पण शेपटीवाला पाहिल्याशिवाय कुणाच्या घशाखाली घास उतरत नव्हता. नुसत्या डोळ्यांना दिसणारा असा ठळक धूमकेतू आयुष्यात एकदा दिसला तरी नशीब समजा, असं वर्तमानपत्रात छापून आलं होतं. मग काय विचारता! ज्यांनी जन्मात कधी मान वर करून चांदणी पाहिली नव्हती, तेही एकमेकांना आकाशातले पत्ते सांगायला लागले.

सगळ्यात उंच गच्ची फोटोवाल्यांची, म्हणून सगळ्यात जास्त गर्दी तिथे. पहिल्याच संध्याकाळी आत्याही वर गेली. आत्या म्हणजे फोटोवाल्यांची धाकटी बहीण. घरातली मुलं आत्या म्हणायची म्हणून हळूहळू अख्खी गल्लीच तिला आत्या म्हणायला लागली, अगदी तिच्याहून मोठी माणसंसुद्धा. नवरा लग्नानंतर लवकरच गेला, तेव्हापासून ती भावाकडे होती, आणि आता केस पांढरे झाले तरी भाऊ तिला "धाकटे" म्हणूनच हाक मारायचा.

"ते बघ, धाकटे! धुराड्याच्या वर. दिसला का?"

आत्यानं बघितलं. मावळतीचा पिवळट उजेड, त्यात काहीतरी काळसर उभं, ते बहुधा धुराडं. त्याच्या वर? त्याच्या वर काही नाही. तिनं डोळे बारीक केले, मोठे केले, चोळले. आजूबाजूला सगळे "अहाहा" आणि "बापरे" करत होते. कुणाचं तरी तान्हं मूलसुद्धा वर बघून हसलं म्हणे. मग आत्यानं काय करावं?

"अगबाई!" आत्या म्हणाली. "केवढा तरी!"

झालं. एवढंच खोटं. पण त्याचं पुढे जे काही झालं ते आत्याला स्वप्नातही दिसलं नसतं.

आता तुम्ही म्हणाल, नाही दिसलं तर नाही म्हणावं, त्यात लपवायचं काय? पण आत्याचं काम काय होतं ते आधी ऐका. फोटो काढायचे दादानं, छापायचे वहिनीनं, आणि मधलं काम आत्याचं. त्या वेळी फोटो काचेवर उतरायचा, आणि काचेवर सगळं उलटं. पांढरं ते काळं, काळं ते पांढरं. त्या काचेवर माणसाचा प्रत्येक वांग, प्रत्येक सुरकुती, देवीचा प्रत्येक व्रण जसाच्या तसा यायचा. आत्या खिडकीशी तिरक्या टेबलावर काच ठेवायची, बारीक पात्याच्या चाकूनं नको ते खरवडायची, टोकदार पेन्सिलीनं हवं ते भरायची, आणि मग माणूस जसा असायला हवा होता तसा छापून निघायचा. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, आमच्या आईबापांनी जे बिघडवलं ते आत्या सुधारते. आरशापुढे हिरमुसलेली मुलगी आत्याच्या हातचा फोटो पाहून हसत घरी जायची. आत्याला त्याचा अभिमान होता, आणि का नसावा?

पण गेल्या थंडीपासून तिच्या डोळ्यांपुढे धुकं यायला लागलं होतं. आधी वाटलं, काच पुसायला हवी. मग वाटलं, खिडकी पुसायला हवी. पुसून पुसून हात दुखले, धुकं काही हटेना. तिनं मोठं भिंग आणलं, मग त्याहून मोठं. काम आता डोळ्यांनी कमी आणि सवयीनं जास्त चालायचं. मध्यंतरी एका नवरीच्या हनुवटीवरचा तीळ तिनं डाग समजून उडवला. सासू तावातावानं दुकानात आली, "आमची सून कुठंय? ही कोण दुसरीच?" दादा पोट धरधरून हसला. आत्याही हसली, आणि मागच्या खोलीत जाऊन रडली.

तिला भीती एकाच गोष्टीची होती. दादाला कळलं की तो टेबल काढून घेणार. आणि टेबल गेलं की या घरात आपण कोण? भावाच्या घरी बसून खाणारी बहीण. कोपऱ्यात बसायचं, कुणी ताट आणून दिलं की जेवायचं, आणि वहिनीच्या तोंडाचा पट्टा ऐकायचा. वहिनीचं तोंड म्हणजे, काय सांगावं, दाराला कडी नव्हती. त्यापेक्षा मरण बरं, असं आत्याला अगदी मनापासून वाटायचं.

दादाची गोष्ट वेगळी. त्याचा जीव त्या धूमकेतूत अडकला होता. मोठ्या रस्त्यावर विजेच्या दिव्यांचा नवा स्टुडिओ निघाला होता आणि गिऱ्हाईक तिकडे वळत होतं. धूमकेतूचा झकास फोटो काढून दुकानाच्या काचेत लावायचा, की झक मारत सगळे परत इकडे येतील, असा दादाचा हिशेब. त्यानं कॅमेरा गच्चीवर चढवला. नेमके त्याच संध्याकाळी ढग आले. दुसऱ्या संध्याकाळी शेजारणीनं नेमक्या वेळी कंदील उचलून धरला, तिला कॅमेऱ्यात धूमकेतू बघायचा होता म्हणे. शेवटी एकदा आकाश लख्ख मिळालं, दादानं श्वास रोखून काच उघडी ठेवली, आणि एक, एकच काच मनासारखी उतरली. पुढच्या दिवसापासून धूमकेतू मावळतीच्या उजेडात बुडणार होता. म्हणजे जे काय होतं ते त्या काचेत.

सकाळी दादा शाळेतल्या मुलांचा फोटो काढायला गावाच्या दुसऱ्या टोकाला निघाला. घाई होती, गाडी दारात उभी होती. जाता जाता ओरडला, "धाकटे, छपरांची काच टेबलावर ठेवलीय, हलक्या हातानं घे! दुपारी छापा, संध्याकाळी लावू!"

आत्यानं ऐकलं ते छपरांचं. समोरच्या घरमालकानं नवं छप्पर घातलं होतं आणि त्याला त्या छपराचा फोटो हवा होता, हे तिला माहीत होतं. हीच ती काच, असं तिनं धरलं. भिंग लावून पाहिलं. छपरांची रांग लागली, धुराडं लागलं. आणि धुराड्यापासून निघालेला, वर वर पसरत गेलेला एक काळपट फराटा.

"आला बाबा याचा अंगठा," आत्या पुटपुटली.

दादाचा अंगठा घरात प्रसिद्ध होता. ओली काच धरताना कुठेतरी बोट लावल्याशिवाय त्याला चैन पडायचं नाही, आणि ते फराटे काढता काढता आत्याच्या नाकी नऊ यायचे. तिनं चाकू घेतला आणि खरवडायला बसली. काय सुंदर हात होता म्हणून सांगू! पातं फिरलंय हे कळू नये असा. भोवतालच्या आकाशात मिसळून जाईल असा तिनं तो फराटा हळूहळू, प्रेमानं, पार नाहीसा केला. मग पाठ ताणली, बोटं मोडली आणि आतल्या खोलीकडे तोंड करून विचारलं, "वहिनी, धूमकेतूची काच कुठे ठेवलीय दादानं? ती पण आवरून टाकते."

"तुमच्या पुढ्यातच तर आहे, वन्सं," वहिनी आतूनच म्हणाली. "छपरांची. त्याच्यावरच आहे की धूमकेतू. छपराच्या मालकाचा फोटो तर त्यांनी मागेच देऊन टाकला."

आत्यानं पुन्हा भिंग लावलं, आणि धुराड्याच्या वर सगळीकडे बोटाच्या टोकानं चाचपलं. गुळगुळीत होतं सगळं. काही राहिलं नव्हतं.

ज्याला धूमकेतू दिसला होता त्याच्या हातून हे झालंच नसतं. फराटा पाहताच तो म्हणाला असता, अरे, हाच तो. पण आत्याच्या मनातला धूमकेतू म्हणजे मोठ्ठी, धगधगीत चांदणी, आणि मागे तिचं शेपूट. काचेवरचा हा पुसट फराटा म्हणजे आकाशातला पाहुणा असेल हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं.

आत्यानं भिंग खाली ठेवलं. मग उठली. रडत बसायची तिची जात नव्हती. पेन्सिल होती, हात होता. एवढ्यांच्या भुवया काढल्या, टक्कल झाकलं, आकाशातला एक धूमकेतू काढता येऊ नये? येईल की. पण काढायचा कसा? तो असतो कसा?

तिनं पायात चपला सरकवल्या आणि गल्लीत उतरली. चार जणांशी सहज गप्पा मारतोय असं दाखवत विचारत गेली. आधी न्हावी भेटला. तो वस्तऱ्याला धार लावत म्हणाला, "कसा म्हणजे? गालावर साबणाचा एक फटकारा मारावा ना आत्या, तस्सा!" पाववाली म्हणाली, "पिठाचे हात झटकल्यावर उडतं ना, तसलं काहीतरी." आणि पुढे तिच्या सुनेबद्दल बोलत राहिली. आत्याला घाम फुटला. फटकारा तर फटकारा, पण उभा की आडवा? जाड कुठे, बारीक कुठे? आणि सरळ विचारायची चोरी. सगळ्या जगानं पाहिलेली गोष्ट, तिनंही पाहिलेली, मग विचारतेस कशाला, असं कुणी म्हटलं तर?

शेवटी ती शिंपीकाकांच्या दुकानात गेली. काका गल्लीतले जुने शिंपी. मुलगा कापड कापायचा, काका मशीनवर बसायचे. शिंप्याची नजर म्हणजे दोऱ्याएवढा फरक टिपणारी, असा आत्याचा विश्वास होता.

"काका, काल गच्चीवर नव्हतात तुम्ही. पाहिलात की नाही?"

"पाहिला म्हणजे!" काकांनी मशीन थांबवली. "दुकानाच्या पायरीवरून पाहिला. असा मोठा गोळा वर, लखलखीत, आणि खाली मोकळे सोडलेले केस. कमरेपर्यंत म्हणा ना. बाईनं न्हाऊन केस वाळत सोडावेत तसे. वा! डोळ्यांचं पारणं फिटलं, आत्याबाई."

आत्याला हायसं वाटलं. इतकं नीट कुणीच सांगितलं नव्हतं. ती जवळजवळ पळतच घरी आली आणि टेबलाशी बसली. खरवडलेल्या जागी पेन्सिल धरावी म्हणून तिनं रोगण लावलं, वर आकाशात एक टपोरा गोळा भरला, आणि त्याच्यापासून खाली छपरांपर्यंत एकेक केस सोडत आली. अंदाजानं, सवयीनं, जीव ओतून. काच उन्हाकडे धरली तेव्हा तिला धुक्यातून काहीतरी काळं, लांबलचक दिसलं. बरं दिसलं. तिनं काच वहिनीच्या हाती दिली आणि देवाचं नाव घेतलं.

वहिनीनं कागदावर छाप घेतला. धुतला. बराच वेळ आतून काही आवाज आला नाही, आणि वहिनीच्या बाबतीत ही घाबरण्यासारखीच गोष्ट होती. मग ती ओला फोटो थाळीतच घेऊन बाहेर आली आणि आत्यासमोर बसली.

"वन्सं, धूमकेतू उलटा आहे."

"उलटा?"

"डोकं खाली असतं त्याचं. धुराड्याजवळ. शेपूट वर जातं. तुम्ही त्याला फासावर लटकवलात."

आत्या भिंगासाठी टेबल चाचपायला लागली.

"तुम्हाला तो दिसलाच नव्हता ना?" वहिनी म्हणाली. तिचा आवाज आज वेगळाच होता. "मला थंडीपासून माहीत आहे. तुम्ही चहात मीठ घातलंत त्या दिवसापासून. तेव्हापासून मीठ मी वरच्या फळीवर ठेवते. पायरीवरची बादली उचलते. काय वाटलं, घर आवरायचं वेड लागलं मला?"

"आणि बोलली नाहीस? तू?"

"माझं तोंड फाटकं आहे, ठाऊक आहे मला. कामावरून, पैशावरून, माहेरावरून मी कुणालाही बोलेन. पण हे बोलायचं म्हणजे..." वहिनीनं पदरानं नाक पुसलं. "वाटलं, आज सांगतील, उद्या सांगतील. तुम्ही कसल्या सांगताय! आता त्यांना तुम्ही सांगता की मी सांगू?"

आत्या इतकी वर्षं जिच्या तोंडाला भ्यायली, ती बाई समोर बसून रडत होती, आणि आत्याला तिच्या गळ्यात पडावंसं वाटत होतं. पण तेवढ्यात दारात गाडी थांबली.

दादा आला तो हसत, धुळीनं माखलेला. दुकानापुढे माणसं जमायला लागलीच होती, न्हावी होता, पाववाली होती, शिंपीकाका काठी टेकत आले होते, आणखी बरेच जण होते. "आलोच, आलोच!" करत दादानं त्यांना बाहेर थांबवलं, मधला पडदा ओढला आणि थाळीतला फोटो उचलला. बघता बघता त्याचं हसू विरलं.

"हे काय आहे?" तो म्हणाला. "हे काय केलंस तू? माझी काच कुठे आहे?"

"हीच तुझी काच."

"ही? अगं, हा कुठला... हा पेन्सिलीचा आहे! माझा धूमकेतू कुठे गेला, धाकटे?"

"मी खरवडला," आत्या म्हणाली. तिला वाटलं होतं, बोलताना जीव जाईल. तो काही गेला नाही. "मला वाटलं, तुझा अंगठा. दादा, मला तो दिसला नव्हता. गच्चीवर मी खोटं बोलले. मला धूमकेतू दिसत नाही, धुराडं दिसत नाही, आत्ता तुझं तोंडसुद्धा नीट दिसत नाही."

दादा मटकन स्टुलावर बसला. दिवसभर भिंगातून लोकांची तोंडं न्याहाळणारा माणूस, पण घरातलं एक तोंड त्यानं महिनोन्‌महिने पाहिलं नव्हतं.

"मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं तर टेबल काढून घेतलं असतंस."

आता इथे दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, छे छे, असं कसं बोलतेस, मी काय परका आहे का? दादा तसं म्हणाला नाही. त्यानं फोटोकडे पाहिलं, बहिणीकडे पाहिलं.

"हो," तो म्हणाला. "घेतलं असतं."

आत्याला ते लागलं. फार लागलं. पण खरं होतं, आणि इतक्या दिवसांत त्या घरात कुणी पहिल्यांदाच खरं बोलत होतं. तिनं मान हलवली.

"मग घे," ती म्हणाली. "आजच घे. उद्या माझा धीर सुटेल."

बाहेरून न्हावी ओरडला, "फोटोवाले, दाखवता की विकत घ्यायला लावता?" लोक हसले. दादा उठला, चेहऱ्यावरून हात फिरवला आणि पडदा सारून बाहेर गेला. आत्याला त्याचा आवाज ऐकू आला.

"मंडळी, माफ करा. फोटो नाही. माझ्याच हातून काच खराब झाली. धुताना बोट लागलं, सगळं गेलं. माझाच मूर्खपणा."

"अरेरे!" लोक म्हणाले. कुणीतरी म्हणालं, "म्हातारपण, दुसरं काय! त्या नव्या स्टुडिओवाल्यानं म्हणे झकास काढलाय."

वहिनी आत्याच्या कानाशी कुजबुजली, "बघा तुमचा भाऊ. आयुष्यात एकदा माझ्यासाठी खोटं बोलला असता तर." पण तिनं आत्याचा हात घट्ट धरला होता. आत्यानं तो सोडवला. दादानं तिच्यासाठी खोटं बोलावं, आणि त्याचं नाव जावं? तिचं तिला काय व्हायचं ते झालंच होतं. ती पडद्याला धडकत बाहेर आली. समोर दाराचा उजेड आणि त्यात माणसांचे नुसते आकार.

"दादा खोटं बोलतोय," ती मोठ्यानं म्हणाली. "काच त्यानं चांगली काढली होती. मी खरवडली. माझे डोळे गेलेत. मला धूमकेतू दिसलाच नव्हता, मी दिसला म्हणून सांगितलं, आणि मग डाग समजून त्याला चाकूनं काढला. वर आणि पेन्सिलीनं नवा काढला तो उलटा. बघायचाय? वहिनी, आण तो फोटो."

कुणी हसलं नाही. वहिनीनं फोटो आणला. तो हातोहात फिरला. पाववाली हळूच म्हणाली, "काढलाय मात्र छान. एकेक केस दिसतोय." न्हाव्यानं बराच वेळ पाहिला आणि म्हणाला, "आत्या, माझ्या लग्नातल्या फोटोत माझं नाक तुम्हीच सरळ केलं होतंत ना? अजून बायको ते दाखवून माझ्याशी भांडते, असं नाक होतं मग आता कुठे गेलं." मग मात्र सगळे हसले, आत्याही हसली, आणि हसता हसता तिचे डोळे भरले. डोळ्यांच्या डॉक्टरकडे उद्याच जायचं, मोतीबिंदू असला तर काढतात हल्ली, असं तीन-तीन जण एकदम सांगायला लागले. दादा मागे येऊन उभा राहिला होता. त्यानं तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि तिथेच राहू दिला.

दिवेलागण झाली तशी माणसं पांगली. ढगाळ होतं, गच्चीवर जायला कुणाला निमित्त उरलं नव्हतं. वहिनी आत चुलीकडे वळली, दादा पाट्या आत घ्यायला लागला. आत्या दारातच उभी होती. तिला वाटलं, सगळे गेले. मग पायरीवर काठी वाजली.

"आत्याबाई."

"काका? तुम्ही आहात होय अजून?"

काठी आणखी एक पायरी वर आली.

"तो केसांचा धूमकेतू," शिंपीकाका म्हणाले. "तो मी सांगितला होता तुम्हाला."

"हो. मी कुणाला नाव नाही सांगितलं."

"नाही सांगितलंत. ऐकत होतो मी. घाम फुटला होता मला, म्हटलं, आता सांगतील." काकांचा आवाज अगदी खाली आला. "मलाही नव्हता दिसला. पायरीवर उभा राहून मीही आ वासला होता. काहीतरी सांगायला हवं म्हणून सांगितलं. मशीनवर मी हातानं शिवण चाचपत जातो, आत्याबाई. नात सुई ओवून देते, तिला वाटतं आजोबा लाड करून घेतात. काल माझ्या बोटातून सुई गेली, मी मुलाला म्हटलं, दाराच्या फटीत सापडलं."

आत्यानं हात पुढे केला. थोडं शोधावं लागलं, पण काकांचा हात सापडला. बोटाला चिंधी गुंडाळलेली होती.

"तुम्ही कसं बोललात हो इतक्या लोकांत?" काका म्हणाले. "मला माझ्या एका मुलाला सांगवत नाही. त्याला कळलं की तो मशीन काढून घेईल."

"घेईल," आत्या म्हणाली.

ती आत वळून ओरडली, "वहिनी, मी शिंपीकाकांकडे जाऊन येते गं!" आणि मग भिंतीला एक हात लावून, दुसऱ्या हातानं काकांचा दंड धरून, पायऱ्या चाचपत खाली उतरायला लागली.

"चला," ती म्हणाली. "आधी मी बोलते, मग तुम्ही बोला."